इंग्रजी व्याकरण आपल्या शाळेत कसे आले?



निकाल लागला की दरवर्षी एक तक्रार हमखास कानावर येते. मुलगा हुशार आहे, गणितात बरा आहे, पण इंग्रजीने घात केला. दुसरी तक्रार याहून कोड्यात टाकणारी असते. मुलाला काळाचे बाराही प्रकार तोंडपाठ आहेत, अ‍ॅक्टिव्हचे पॅसिव्ह तो डोळे मिटून करतो. पण मुख्याध्यापकांना दोन दिवसांच्या रजेचा अर्ज स्वतःच्या इंग्रजीत लिही म्हटले की त्याची लेखणी थांबते. नियम येतात आणि भाषा येत नाही, असे का व्हावे? दोष मुलाचा, शिक्षकांचा की पुस्तकाचा? या प्रश्नाचे उत्तर शोधायचे तर इंग्रजी व्याकरण आपल्या शाळांत कोठून आले, कोणी आणले आणि ते कशासाठी शिकविले गेले, हा इतिहास थोडा पाहावा लागेल. या इतिहासात आपल्या वर्धा जिल्ह्याचा वाटा आहे, आणि मुस्लिम विद्वानांचाही आहे.

आधी साहेब मराठी शिकला

पुष्कळांना ठाऊक नसते की, या देवघेवीत व्याकरणाची पहिली गरज आपल्याला नव्हे, साहेबाला पडली. कंपनी सरकारच्या अधिकाऱ्यांना रयतेची भाषा कळल्यावाचून कारभार चालविता येईना. म्हणून विल्यम केरी यांनी १८०५ साली बंगालमधील श्रीरामपूर येथे मराठी भाषेचे व्याकरण इंग्रजीतून छापले. मुंबई इलाख्यात हेच काम पुढे ज्यांनी केले, त्यांत मुहंमद इब्राहीम मकबा या विद्वानाचे नाव आदराने घ्यावे लागते. १८२० नंतरच्या दशकात त्यांनी हिंदुस्तानीचे व्याकरण लिहिले आणि मराठीचेही लिहिले. एक मुस्लिम मुन्शी इंग्रज अधिकाऱ्यांसाठी मराठीचे नियम लिहून देतो, ही गोष्ट आपल्या मुलांना मुद्दाम सांगावी अशी आहे. मराठी ही आपल्यासाठी परकी भाषा कधीच नव्हती, याचा तो छापील दाखला होय.

पुढे गंगा उलटी वाहू लागली. एल्फिन्स्टन साहेब १८१९ ते १८२७ या काळात मुंबईचे गव्हर्नर होते. त्यांच्या कारकिर्दीत शाळा व शालेय पुस्तके यांची व्यवस्था सुरू झाली, आणि आता आपल्या मुलांनी इंग्रजी शिकावयाचे ठरले. त्यासाठी विलायतेतून जी व्याकरणे आली, त्यांत लिंडले मरे याच्या व्याकरणाचा मान फार मोठा होता.

अमेरिकेत जन्मलेला वैयाकरण

हा लिंडले मरे मूळचा अमेरिकेचा. पेनसिल्व्हेनिया प्रांतात १७४५ साली त्याचा जन्म झाला. न्यूयॉर्कमध्ये त्याने वकिली केली आणि अमेरिका स्वतंत्र झाल्यावर तो इंग्लंडमध्ये यॉर्क शहराजवळ जाऊन राहिला. तेथील मुलींच्या एका शाळेतील शिक्षिकांच्या आग्रहावरून त्याने आपले व्याकरण लिहिले. ते १७९५ साली प्रसिद्ध झाले. मुलींच्या एका लहानशा शाळेसाठी लिहिलेले हे पुस्तक पाहता पाहता इंग्लंड-अमेरिकेत घरोघर पोहोचले आणि हिंदुस्थानातही आले.

त्या काळी अमेरिकेतही व्याकरण शिकविण्याची पद्धत एकच होती, ती घोकंपट्टीची. व्याख्या पाठ करायची, नियम पाठ करायचे आणि वाक्यातील प्रत्येक शब्दाचे व्याकरण चालवायचे. खेड्यातील एका खोलीच्या शाळेत शिक्षक पुष्कळदा स्वतःच कोवळ्या वयाचे आणि जेमतेम शिकलेले असत. पुस्तकातील नियम हाच त्यांचा आधार असे. तरी व्याकरणाची प्रतिष्ठा केवढी होती पाहा. अब्राहम लिंकन तरुणपणी एका दुकानात काम करीत असताना कर्कहॅम नावाच्या ग्रंथकाराचे व्याकरण मिळविण्यासाठी सहा मैल चालत गेले, असे त्यांचे चरित्रकार सांगतात. शाळेचे तोंड फारसे न पाहिलेल्या या मुलाला एवढे कळले होते की, शुद्ध बोलता-लिहिता आल्यावाचून वकिलीची आणि राजकारणाची दारे उघडणार नाहीत. व्याकरण म्हणजे तेव्हा समाजात वर जाण्याचा परवाना होता. हीच समजूत पुढे आपल्याकडेही आली आणि आजही गेलेली नाही.

दादोबांचे उपकार

मरेच्या व्याकरणाचा नमुना पुढे ठेवून दादोबा पांडुरंग तर्खडकर यांनी १८३६ साली मराठी भाषेचे व्याकरण सिद्ध केले. दादोबांचा जन्म १८१४ चा, मृत्यू १८८२ चा. काही काळ ते जावऱ्याच्या नबाबाचे शिक्षक होते. त्यांना मराठीचे पाणिनी म्हणतात. आज चौथी-पाचवीतील मूल नाम, सर्वनाम, विशेषण, क्रियापद, क्रियाविशेषण, शब्दयोगी, उभयान्वयी आणि केवलप्रयोगी अशा शब्दांच्या आठ जाती म्हणून दाखविते. ही मांडणी मराठीत इंग्रजीच्या वळणाने आली, आणि इंग्रजीत ती लॅटिन व ग्रीकवरून आली. आपल्याकडे यास्काने शब्दांचे चारच वर्ग मानले होते. अरबी व्याकरण तर इस्म, फेल आणि हर्फ या तीनच जाती मानते. आपल्या मदरशातील तालिबे-इल्म आजही त्याच शिकतात. मरेने इंग्रजीत नऊ जाती मोजल्या, कारण इंग्रजीत 'अ', 'अ‍ॅन', 'द' अशी उपपदे आहेत. मराठीत उपपदेच नाहीत, म्हणून आठ उरल्या.

येथे विद्यार्थ्यांनी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. जाती तीन म्हणा, चार म्हणा, आठ म्हणा की नऊ. भाषा आहे तीच राहते. वर्गीकरण माणसाने समजण्याच्या सोयीसाठी केलेले असते. ज्या मुलाला ही सोय मराठीत किंवा उर्दूत एकदा कळली, त्याला इंग्रजीत ती नव्याने घोकावी लागत नाही, केवळ नाव बदलावे लागते. दादोबांनी इंग्रजीची वाट धरून मराठीचे व्याकरण मांडले. आपल्या मुलांनी त्याच वाटेने उलटे चालून मराठीतून इंग्रजीत जावयाचे आहे.

बोर्डातील वाद

कोणत्या भाषेतून शिकवावे, हा वादही जुनाच आहे. मुंबई इलाख्याच्या शिक्षणासाठी १८४० साली बोर्ड ऑफ एज्युकेशन स्थापन झाले. वर उल्लेखिलेले मुहंमद इब्राहीम मकबा या बोर्डाचे सभासद होते. बोर्डाचे अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांचा कल इंग्रजी माध्यमाकडे होता, तर कर्नल जर्व्हिस यांचे म्हणणे असे की, ज्ञान लोकांपर्यंत पोहोचावयाचे असेल तर ते देशी भाषेतूनच दिले पाहिजे. १८४५ नंतर हा वाद चांगलाच रंगला. त्या वेळी जगन्नाथ शंकरशेट, फ्रामजी कावसजी आणि मकबा हे तिघे हिंदी सभासद देशी भाषांच्या बाजूने उभे राहिले. एक हिंदू, एक पारशी आणि एक मुसलमान! तिघांपैकी कोणीही इंग्रजीचा शत्रू नव्हता. इंग्रजी हा विषय म्हणून शिकावा, पण विचार करण्याचे साधन मुलाची स्वतःची भाषा असावी, एवढेच त्यांचे म्हणणे होते.

काळ मात्र दुसऱ्या दिशेने गेला. १८५४ च्या वुडच्या खलित्याने उच्च शिक्षणात इंग्रजीचे स्थान पक्के केले. १८५७ साली मुंबई विद्यापीठ स्थापन झाले आणि १८५९ पासून मॅट्रिकची परीक्षा सुरू झाली. तेथून पुढे वर्गात काय शिकवावे, हे परीक्षा ठरवू लागली. परीक्षेला व्याकरण फार सोयीचे असते. निबंध तपासणे कठीण. दोन परीक्षकांचे गुण जुळत नाहीत. उलट वाक्यपृथक्करणाचे उत्तर एक तर बरोबर किंवा चूक. शिवाय ज्या शिक्षकाला स्वतःला इंग्रजी बोलण्याचा सराव नाही, त्यालाही नियम सांगता येतो. परीक्षा आणि शिक्षक या दोहोंची सोय झाली आणि मुलाची गैरसोय तशीच राहून गेली.

आपल्या समाजाची स्थिती त्या काळी आणखी बिकट होती. मुसलमान इंग्रजी शिक्षणात मागे पडले आहेत, याची दखल १८८२ च्या हंटर आयोगाने घेतली. त्याआधीच १८७४ साली बद्रुद्दीन तय्यबजी प्रभृतींनी मुंबईत अंजुमन-ए-इस्लामची स्थापना केली होती, आणि १८७५ साली सर सय्यद अहमद खान यांनी अलीगढला शाळा उघडली होती. या दोन्ही ठिकाणी इंग्रजी शिकविली गेली, ती आपली भाषा व दीन यांना सोडून नव्हे, तर त्यांना बरोबर घेऊन. आपल्या भागात नागपूरला स्टीफन हिस्लॉप यांनी १८४६ साली शाळा काढली होती. तिच्याच परंपरेत पुढे हिस्लॉप कॉलेज उभे राहिले. वर्धा जिल्हा १८६२ साली नागपूरपासून वेगळा झाला. मध्य प्रांतातील या नव्या जिल्ह्याच्या मुलांना इंग्रजी शिक्षणासाठी फार काळ नागपूरच जवळचे होते.

तर्खडकर, नेसफील्ड आणि रेन-मार्टिन

मराठी मुलांच्या तीन-चार पिढ्या ज्या पुस्तकांवर वाढल्या, त्यांतील तिहींचा विचार केला म्हणजे पद्धतींतील फरक स्पष्ट होतो.

पहिले द्वारकानाथ राघोबा तर्खडकर यांचे. त्यांची भाषांतर पाठमाला तीन भागांत असून ती अद्यापि छापली व विकत घेतली जाते. पद्धत साधी आहे. थोडे शब्द, एखादा नियम, मग मराठीची इंग्रजी आणि इंग्रजीची मराठी करण्यासाठी वाक्येच वाक्ये. मूल पायरी पायरीने आपल्या भाषेतून परभाषेत जाते. शिकविणारे कोणी नसले तरी मेहनती विद्यार्थी एकट्याने शिकू शकतो. म्हणूनच खेड्यापाड्यांतील कितीतरी लोकांचा हा घरचा उस्ताद ठरला.

दुसरे जे. सी. नेसफील्ड यांचे. हे गृहस्थ उत्तर हिंदुस्थानात शिक्षणखात्यात अधिकारी होते. त्यांची व्याकरणमाला १८९० नंतरच्या दशकात आली आणि देशभर चालली. व्याख्या, प्रकार, पोटप्रकार आणि अपवाद यांची तीत रेलचेल आहे.

तिसरे रेन आणि मार्टिन यांचे. पी. सी. रेन मुंबई इलाख्याच्या शिक्षणखात्यात होते. पुढे 'बो जेस्ट' ही त्यांची कादंबरी १९२४ साली निघाली आणि जगभर गाजली. रेन आणि एच. मार्टिन या जोडीचे हायस्कूलसाठी लिहिलेले व्याकरण १९३५ च्या सुमारास मुंबईच्या कूपर कंपनीने प्रसिद्ध केले. सुधारलेल्या आवृत्त्यांच्या रूपाने ते आजही दुकानांत मिळते. पुस्तक उत्तम आहे. मात्र ते इंग्रजीतून इंग्रजी समजावते. ज्याच्या कानावर इंग्रजी पडत असते, त्याला ते उपयोगी पडते. ज्याच्या घरी उर्दू, दारात मराठी आणि इंग्रजी केवळ पुस्तकात, त्या मुलाला आधी तर्खडकरांची वाट हवी. पुष्कळ ठिकाणी घडले ते उलट. पहिली वाट जुनाट ठरली आणि दुसरे पुस्तक प्रतिष्ठेचे म्हणून मुलाच्या हाती आले.

वर्ध्याची योजना

आता आपल्या जिल्ह्याकडे येऊ. २२ व २३ ऑक्टोबर १९३७ रोजी वर्ध्यात राष्ट्रीय शिक्षण परिषद भरली. महात्मा गांधी अध्यक्षस्थानी होते. परिषदेने नेमलेल्या समितीचे अध्यक्षपद जामिया मिलियाचे डॉ. झाकीर हुसेन यांच्याकडे आले. हेच पुढे १९६७ साली भारताचे राष्ट्रपती झाले. ख्वाजा गुलाम सय्यदैन हेही समितीत होते. समितीने सात वर्षांचे मूलभूत शिक्षण सुचविले. माध्यम मातृभाषा, मध्यवर्ती स्थानी हस्तोद्योग आणि या सात वर्षांत इंग्रजी नाही. हीच नई तालीम.

या योजनेवर त्या काळी टीका झाली. ती मुस्लिम समाजातूनही झाली. पालकांची एक शंका तर अगदी व्यवहाराची होती. ऐपतदारांची मुले इंग्रजी शाळांत जातील आणि गरिबांची मुले टकळी फिरवीत बसतील, मग पुढच्या नोकऱ्या कोणाला मिळतील? ही शंका खोटी म्हणता येणार नाही. स्वातंत्र्यानंतर मुंबई राज्यात इंग्रजी आठवीपासून शिकविण्याचे धोरण आले, तेव्हाही हाच प्रश्न उभा राहिला. आपला जिल्हा १९५६ पर्यंत जुन्या मध्य प्रदेशात होता, मग द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि १ मे १९६० पासून महाराष्ट्रात. महाराष्ट्रात पुढे बरीच वर्षे इंग्रजी पाचवीपासून असे. २००० सालापासून ती पहिलीपासून सुरू झाली.

म्हणजे वय आठवीवरून पाचवीवर आणि पाचवीवरून पहिलीवर आले. तरी आरंभी सांगितलेली तक्रार कायम आहे. यावरून एवढे तरी सिद्ध होते की, इंग्रजी केव्हा सुरू करावी यापेक्षा ती कशी शिकवावी, हा प्रश्न मोठा आहे.

अमेरिकेचा अनुभव आणि आपला

अमेरिकेत १८७७ साली रीड आणि केलॉग या दोन शिक्षकांनी वाक्याची आकृती काढण्याची पद्धत रूढ केली. आडव्या रेघेवर कर्ता व क्रियापद, मध्ये उभी रेघ, खाली तिरप्या रेघांवर विशेषणे. तेथील मुलांच्या कित्येक पिढ्यांनी फळ्यावर अशा आकृत्या काढल्या. पुढे १९६३ साली तेथील इंग्रजी शिक्षकांच्या राष्ट्रीय परिषदेने उपलब्ध संशोधनाचा आढावा प्रसिद्ध केला. त्याचा निष्कर्ष असा की, नुसते नियमांचे व्याकरण शिकविल्याने मुलांचे लेखन सुधारत नाही. लिहिण्याच्या सरावाचा वेळ त्यात खर्च होत असेल तर नुकसानच होते.

हा निष्कर्ष वाचून आपल्याकडे कोणी व्याकरणच नको म्हणतील, तर ती घाई होईल. अमेरिकन मूल शाळेत येते तेव्हा इंग्रजी बोलतच येते. त्याला व्याकरण म्हणजे आरसा. आहे ते रूप दिसते. आपल्या मुलाला व्याकरण म्हणजे शिडी. तिच्यावाचून वर जाता येत नाही. पण शिडीच्या पायऱ्या मोजून कोणी माडीवर पोहोचत नाही, चढावे लागते. आपल्या देशात बंगलोर येथे १९७९ ते १९८४ या काळात एन. एस. प्रभू यांनी एक प्रयोग केला. वेळापत्रक वाचणे, नकाशावर वाट शोधणे अशी कामे मुलांकडून इंग्रजीत करून घेतली. मन अर्थाकडे लागले की भाषेचे वळण आपोआप बसते, हा त्यामागील विचार होता. तोही ध्यानात ठेवण्यासारखा आहे.

नियम कोठे लागतो आणि सराव कोठे, हे एक-दोन उदाहरणांनी स्पष्ट होईल. मराठीत आपण 'टेबलावर' म्हणतो, उर्दूत 'मेज़ पर'. शब्दयोगी अव्यय नामाच्या मागून येते. इंग्रजीत ते आधी येते, 'ऑन द टेबल'. 'मला भूक लागली', 'मुझे भूख लगी' यांत भूक लागते आणि ती मला लागते. इंग्रजीत मीच कर्ता होतो, 'आय अ‍ॅम हंग्री'. 'मी आंबा खाल्ला, मी पोळी खाल्ली' यांत क्रियापद कर्माप्रमाणे बदलते. इंग्रजीत दोन्हीकडे 'एट' हेच रूप. असे फरक शिक्षकांनी दोन्ही भाषा शेजारी ठेवून एकदा दाखविले की मुलाची चूक कोठून उगवते, ते त्याला स्वतःलाच कळते. त्यानंतर त्या नियमाची वीस वाक्ये त्याने स्वतःच्या घरातील, शेतातील, बाजारातील लिहावीत. इतके केल्यावर त्या नियमाची व्याख्या तोंडपाठ नसली तरी चालेल.

पालकांस आणि विद्यार्थ्यांस

इतिहास वाचून काही हाती घ्यावयाचे नसेल तर तो वाचण्याचे श्रम वाया जातात. म्हणून दोन शब्द.

पालकांनी मुलाचे मराठी किंवा उर्दू वाचन कच्चे ठेवून इंग्रजीची घाई करू नये. पाया ज्या भाषेत आहे, त्याच भाषेत व्याकरण पहिल्यांदा समजते. वर्ध्याला किंवा नागपूरला भारी फीच्या शाळेत घालणे ज्यांना शक्य नाही, त्यांनी स्वतःला कमनशिबी समजू नये. आंजीच्या मुलाला रोज संध्याकाळी अर्धा तास, तर्खडकरांची पाठमाला आणि एक वही एवढे मिळाले तरी मोठी मजल मारता येते. आई-वडिलांना इंग्रजी येत नसेल तरी मुलाने लिहिलेल्या वाक्याचा अर्थ त्याला मराठीत किंवा उर्दूत विचारता येतो. मूल अर्थ सांगू शकले नाही, तर ते वाक्य त्याचे नव्हे, पाठ केलेले आहे, असे समजावे. मुलींच्या बाबतीतही हेच. मरेचे जगप्रसिद्ध व्याकरण मुलींच्याच शाळेसाठी लिहिले गेले होते, हे आपण विसरू नये.

विद्यार्थ्यांनी रोज पाच वाक्ये स्वतःची लिहावीत, गाईडातील नकोत. चूक झाली तर ती शिक्षकांना दाखवावी आणि तीच चूक आपण मराठीत किंवा उर्दूत विचार केल्यामुळे झाली का, ते विचारावे. ज्या दिवशी रजेचा अर्ज गाईड न उघडता लिहिता येईल, त्या दिवशी परीक्षेतील व्याकरणाच्या प्रश्नाची धास्तीही बरीचशी उतरलेली असेल.

मकबा साहेबांना उर्दूही येत होती, मराठीही आणि इंग्रजीही. त्यांनी यांपैकी एकही भाषा दुसरीसाठी सोडली नाही. आपल्या संस्थेच्या विद्यार्थ्यांनी हा वारसा पुढे चालवावा, हीच सदिच्छा.